सेवाकाळातील अपंगत्व व नोकरीचे संरक्षण
सेवेत असताना अपंगत्व आलेल्या शासकीय कर्मचाऱ्याला त्या कारणाने काढता किंवा पदावनत करता येत नाही. १९९५ च्या अपंग व्यक्ती अधिनियमातील हे संरक्षण २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियमातही (कलम २०) आहे. पूर्वीचे काम झेपत नसेल, तर त्याच वेतनश्रेणीत दुसरे पद. तेही नसल्यास योग्य पद मिळेपर्यंत वा निवृत्तीपर्यंत अधिसंख्य (म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जादा) पद द्यावे लागते. अशा कर्मचाऱ्याला ठेवणे धोक्याचे, हा सुरक्षिततेचा आक्षेप म्हणूनच टिकत नाही: दृष्टी अधू झालेल्या चालकाच्या हाती बस द्या, असे कायदा म्हणतच नाही. काम करण्यास अक्षम झाल्यास रुग्णता निवृत्तिवेतन मिळते, मग नोकरी कशाला, हा युक्तिवाद सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये पाय गमावलेल्या शिपायाच्या खटल्यात फेटाळला, आणि ते न्याय्यच होते. निवृत्तिवेतन पूर्ण पगाराची जागा घेत नाही. कामाचे स्वरूप पाहून सूट देण्याचा अधिकार मात्र शासनाकडे असून लढाऊ दलांबाबत तो वापरला गेला आहे.