मृगातली हिरवी रेष आणि पुण्यातली विसरलेली वेधशाळा

मंडळी, पोस्ट जरा मोठी आहे. चहा घेऊन बसा.

मृग म्हटलं की आपल्याला जून आठवतो. मृग लागलं की पेरणीची घाई, कृषी सेवा केंद्रासमोर गर्दी. पण त्या दिवसांत आकाशातलं मृग नक्षत्र दिसतच नाही, कारण सूर्यच तिथे गेलेला असतो. ते बघायचं तर डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत, जेवणं झाल्यावर अंगणात यायचं. चार कोपऱ्यांत चार ठळक तारे, मधे एका ओळीत तीन तारे. हा व्याधाने मारलेला बाण. बाणाच्या दक्षिणेला तीन मंद चांदण्यांची आणखी एक छोटी ओळ आहे. तिच्यातली मधली चांदणी नीट निरखा. ती टिपक्यासारखी दिसत नाही, कुणी बोटाने पुसल्यासारखी धुरकट दिसते.

तो मृगातला तेजोमेघ. आपल्यापासून सुमारे १३०० प्रकाशवर्षं दूर असलेला वायू आणि धुळीचा प्रचंड ढग. त्यात आजही नवे तारे जन्माला येताहेत. पण ‘हा ढग आहे’ हे एवढं एक वाक्य ठामपणे म्हणायला माणसाला अडीचशे वर्षं लागली. त्या भांडणात एक साक्ष आपल्या पुण्यातून गेली होती. ती कुणाची, हे आज फारसं कुणाला माहीत नाही. म्हणून हा लेखप्रपंच.

दुर्बिणीतून हा ढग पहिल्यांदा टिपला १६१० साली, फ्रान्समधल्या पेरेस्क नावाच्या विद्वानाने. गॅलिलिओने १६१७ मध्ये याच जागेवर दुर्बीण रोखली, तिथले जवळजवळचे तारे वेगळे करून दाखवले, पण ढगाबद्दल एक शब्द लिहिला नाही. पुढे १६५६ मध्ये हॉलंडच्या हायगेन्सने तो पाहिला आणि १६५९ मध्ये त्याचं चित्र छापलं. मग आला धूमकेतू शोधणारा मेसिए. धूमकेतू समजून पुन्हा पुन्हा फसगत होऊ नये म्हणून त्याने आकाशातल्या धुरकट वस्तूंची यादीच केली. मृगातला ढग त्या यादीत ४२ व्या क्रमांकावर आहे. आपलं पुष्य ४४ वं आणि कृत्तिका ४५ वी. म्हणजे आजीच्या पंचांगातली नक्षत्रं फ्रेंच माणसाच्या वहीतही सापडतात.

आता खरा प्रश्न. ही धुरकट वस्तू म्हणजे दूर असल्यामुळे एकमेकांत मिसळून दिसणारे तारे, की खरोखरच धूर? विल्यम हर्शेलला आधी वाटायचं की पुरेशी मोठी दुर्बीण केली की सगळे ढग ताऱ्यांत मोडतील. १७९१ मध्ये त्याने मत बदललं आणि काही ठिकाणी खरोखर चमकता द्रव आहे असं लिहिलं. पुढे आयर्लंडच्या लॉर्ड रॉस यांनी ७२ इंची आरशाची अजस्र दुर्बीण उभारली आणि मृगातल्या ढगात तारे सुटे दिसले असा दावा केला. झालं, पारडं पुन्हा फिरलं. मोठा माणूस, मोठी दुर्बीण, त्यामुळे लोकांनी मानलंही.

निकाल लागला तो आणखी मोठ्या दुर्बिणीने नव्हे. लोलकातून प्रकाश सोडला की त्याचे रंग वेगळे होतात, हे शाळेत शिकलोय. ताऱ्याचा प्रकाश असा पसरला की रंगांचा सलग पट्टा मिळतो. विरळ, तापलेल्या वायूचा प्रकाश पसरला की मोजक्या सुट्या रेषा मिळतात. लंडनच्या विल्यम हगिन्सने १८६४ मध्ये एका तेजोमेघाचा प्रकाश असा तपासला आणि त्याला पट्टा न दिसता रेषा दिसल्या. मृगातल्या ढगाचंही तेच. म्हणजे तो वायू होता.

पण त्यातली सर्वांत ठळक हिरवी रेष कशाची, हे कळेना. पृथ्वीवरच्या कुठल्याच मूलद्रव्याशी ती जुळेना. नॉर्मन लॉकियर हे तेव्हाचं बडं नाव. ‘नेचर’ या नियतकालिकाचे संस्थापक. त्यांचं म्हणणं, तेजोमेघ म्हणजे एकमेकांवर आदळणाऱ्या उल्कांचे थवे, आणि ती हिरवी रेष म्हणजे तापलेल्या मॅग्नेशियमच्या पट्ट्याची कड. हगिन्स म्हणाले, साफ चूक. कारण मॅग्नेशियमची ती कड एका बाजूने विरत जाते. तेव्हा प्रश्न अगदी साधा उरला होता. हिरवी रेष दोन्ही बाजूंनी धारदार आहे, की एका बाजूने पसरलेली?

इथे आपल्या गोष्टीत येतात कावसजी दादाभाई नायगमवाला. मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवणारे पारशी गृहस्थ. वर्णपटांच्या अभ्यासासाठी आपल्याकडे वेधशाळा हवी, असं त्यांनी मनावर घेतलं. भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांनी ५००० रुपये दिले, मुंबई सरकारने तेवढेच घातले. पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये, म्हणजे आजच्या सीओईपीत, १८८८ मध्ये ‘महाराजा तख्तसिंहजी वेधशाळा’ उभी राहिली. तिथली डब्लिनच्या ग्रब कंपनीची २० इंची दुर्बीण त्या काळी देशातली सर्वांत मोठी होती.

नायगमवालांनी ती मृगातल्या ढगावर रोखली. १८९१ मध्ये लंडनच्या रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या मासिकात त्यांचा निष्कर्ष छापून आला. हिरवी रेष प्रत्येक परिस्थितीत धारदारच दिसते. म्हणजेच लॉकियर यांचं म्हणणं टिकत नाही. त्या सुमारास अमेरिकेत लिक वेधशाळेच्या कीलरनेही बारीक मोजमापं करून हेच सांगितलं. गुलामीतल्या देशातला एक प्राध्यापक साहेबाच्या देशातल्या सर्वांत वजनदार माणसाविरुद्ध साक्ष देतो, तीही आरडाओरड न करता, फक्त जे दिसलं ते लिहून. मला पत्रकार म्हणून ही गोष्ट फार भावते. बातमीत तरी वेगळं काय करायचं असतं?

आणखी एक योग बघा. याच पुण्यात राहणाऱ्या लोकमान्य टिळकांचा ‘ओरायन’ ग्रंथ १८९३ मध्ये प्रसिद्ध झाला. मृगातल्या संपाताच्या जुन्या उल्लेखांवरून त्यांनी वेदांचा काळ मांडला. एकच शहर, एकच नक्षत्र, दोनच वर्षांचं अंतर. टिळकांचा ‘ओरायन’ आपण ऐकून असतो. नायगमवालांचं नाव मात्र पुण्यातल्या माणसालाही सांगावं लागतं.

२२ जानेवारी १८९८ ला महाराष्ट्रातून खग्रास सूर्यग्रहण दिसलं. लॉकियर तेव्हा विजयदुर्गला मुक्कामी होते. नायगमवाला आपली तुकडी घेऊन पुणे-सोलापूर रेल्वेमार्गावरच्या जेऊरला. विजयदुर्गावरचे ‘साहेबाचे ओटे’ बघायला आजही लोक जातात. जेऊरच्या स्टेशनावर उतरणाऱ्या किती जणांना हे ग्रहण माहीत असेल?

आणि शेवट काय झाला? १९१२ मध्ये नायगमवाला निवृत्त झाले आणि त्यांच्याबरोबर वेधशाळाही बंद झाली. यंत्रं, दुर्बीण सगळं कोडाईकनालला रवाना. एक माणूस घरी गेला आणि २४ वर्षांची संस्था पेटीत भरली गेली.

हिरव्या रेषेचं कोडं १९२७ मध्ये अमेरिकेच्या आयरा बोवेनने सोडवलं. ती दोन इलेक्ट्रॉन गमावलेल्या ऑक्सिजनची रेष निघाली. ढग इतका विरळ आहे, की त्याच्यापुढे प्रयोगशाळेतली पोकळीही दाट ठरावी. अशा विरळ जागेतच ती रेष ठळक उमटते. म्हणून ती पृथ्वीवर कुणाला सापडली नव्हती. बोवेनचं उत्तर पटलं, कारण आधीच्या पिढीने रेषेची जागा आणि तिची धार पक्की करून ठेवली होती. त्या पायात पुण्याचीही एक वीट आहे.

पुण्यात पुन्हा आयुका उभी राहिली १९८८ मध्ये. जयंत नारळीकर सरांनी तिचा पाया घातला. पहिल्या वेधशाळेनंतर बरोबर १०० वर्षांनी. आयुका सरांच्या निवृत्तीनंतर बंद पडली नाही. २०१७ मध्ये तिथल्या आणि आयसरच्या शास्त्रज्ञांनी सुमारे ४०० कोटी प्रकाशवर्षं दूरचा दीर्घिकांचा महासमूह शोधला, त्याला ‘सरस्वती’ नाव दिलं. नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटीच्या ३० अँटेना आजही काम करताहेत. फरक काय? माणसं दोन्हीकडे मोठीच होती. दुसऱ्या वेळी माणसाच्या मागे संस्था उभी केली, पुढची फळी तयार केली.

हे सगळं आज सांगायचं कारण तालुक्यातलंच आहे. आमच्या भागातल्या एका शाळेला काही वर्षांपूर्वी चांगली दुर्बीण मिळाली. नारळ फुटला, फोटो आले, बातमी मीच लावली. विज्ञानाच्या सरांनी दोन हिवाळे पोरांना गच्चीवर नेऊन गुरूचे चंद्र दाखवले. मग सरांची बदली झाली. परवा चौकशी केली तर दुर्बीण कपाटात, कपाटाला कुलूप, किल्ली कुणाकडे ते नक्की नाही. कुणा एकाला दोष देण्यात अर्थ नाही. दुर्बीण घेतली तेव्हा खर्चाचा ठराव झाला होता, ती चालवायची कुणी याचा झाला नव्हता. वाचनालयं, व्यायामशाळा, गावातले आरओ प्लँट, सगळीकडे हेच बघतोय. उद्घाटनाला गर्दी, आणि नंतर एका माणसाच्या जिवावर गाडा.

तेव्हा शाळा व्यवस्थापन समितीत जे पालक आहेत, त्यांना विनंती. येत्या बैठकीत एवढंच विचारा: आपल्या शाळेत दुर्बीण, सूक्ष्मदर्शक, प्रयोगशाळेचं सामान काय काय आहे, आणि ते वापरता येणारी दोन माणसं कोण? एक नाही, दोन. उत्तर कमेंटमध्ये लिहा. गावांची यादी मी करतो, आणि नवं वर्ष लागण्याआधी ती किल्लीसुद्धा शोधून काढतो. मृग तोवर संध्याकाळीच पूर्वेला वर आलेलं असेल.