समर्थांची पदे आणि स्वरलेखनाचा प्रश्न

जालना जिल्ह्यातील जांब हे समर्थ रामदासांचे (१६०८–१६८२) जन्मग्राम होय. समर्थांची पदे व आरत्या आज ज्या चालींवर गायिल्या जातात त्या मुळापासून चालत आलेल्या आहेत, असे पुष्कळदा गृहीत धरले जाते. या गृहीतास आधार कितपत आहे, याचा विचार येथे करावयाचा आहे.

समर्थ लेखनाविषयी उदासीन नव्हते. दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकातील पहिला समास सबंध लेखनक्रियेवर आहे. अक्षराचे वळण, दोन ओळींतील अंतर, बोरू, शाई यांचा विचार त्यात येतो. चौथ्या दशकात कीर्तनभक्तीचेही निरूपण आहे. स्वर लिहून ठेवण्याची रीत मात्र कोठेही सांगितलेली नाही. हे अज्ञानामुळे घडले असे म्हणवत नाही. तेराव्या शतकात देवगिरीच्या सिंघण यादवाच्या आश्रयास असलेल्या शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकरा’त सा, रे, ग या अक्षरांनी स्वररचना लिहून दाखविल्या होत्या. कीर्तनाची चाल गुरूच्या कंठातून शिष्याच्या कंठात जात असे. तेथे कागदाची गरजच नव्हती.

पदसंग्रहांत पदाच्या माथ्यावर रागाचे किंवा चालीचे नाव आढळते. ही जाणत्या गायकास केलेली सूचना होय. अजाणास तिच्यावरून चाल सापडत नाही. शिवाय एका रागात अनेक चाली संभवतात, आणि एकच नाव धारण करणाऱ्या रागाचे रूपही काळानुसार पालटते. ग्रंथांतील राग आणि प्रचारातील राग यांतील ही तफावत पं. भातखंडे (१८६०–१९३६) यांनी साधार दाखविली.

याच प्रश्नाची दुसरी बाजू जपानच्या संगीतेतिहासात दिसते. तेथील शाकुहाची या बासरीच्या परंपरागत लेखनात ‘रो’, ‘त्सु’, ‘रे’ ही अक्षरे प्रामुख्याने बोटांची ठेवण सांगतात. श्वास आणि स्वराचे घसरणे गुरूपासूनच घ्यावे लागते. मेजी राजवटीत १८७९ साली सरकारी संगीत-समिती स्थापन झाली आणि शालेय शिक्षणातून पाश्चात्त्य रेषालिपी रूढ होत गेली. तोरू ताकेमित्सू (१९३०–१९९६) यांची ‘फोलिओज’ (१९७४) ही गिटारसाठीची रचना त्याच लिपीत आहे. ती पूर्वी कधीही न ऐकलेला वादकही कागदावरून तिचे स्वर व कालमान उभे करू शकतो. ध्वनीचा रंग सर्वस्वी कागदावर उतरत नाही हे खरे. पण कोणता स्वर रचनाकाराचा, याविषयी वाद उरत नाही.

आपल्याकडे असे साधन विसाव्या शतकात पलुसकर व भातखंडे यांच्या स्वरलिपींनी सार्वत्रिक केले. परंतु ‘क्रमिक पुस्तकमालिके’तील चीज संग्रहकाळी जशी गायिली जात होती तशी लिहिली गेली, तिच्या मूळ रचनाकाराच्या काळाची ती साक्ष नव्हे.

तात्पर्य, पदाचे शब्द आणि पदाची चाल हे दोन निराळे पुरावे होत. शब्दांचा काळ पोथी ठरविते, चालीचा काळ गाणाऱ्यांची परंपरा. पोथीच्या बळावर चालीला समर्थकालीन म्हणणे इतिहासाला मान्य होणार नाही. म्हणून चाल टिपताना ती कोणाकडून व कोणत्या परंपरेतून आली, याची नोंद स्वरांइतकीच आवश्यक आहे.