नकाशात न दिसलेल्या मुली

शाळेच्या भिंतीवरचा नकाशा आपण सर्वांनीच पाहिलेला असतो. नद्या, डोंगर, शहरे त्यात सापडतात. पण कोणत्या भागातली मुले शाळेत जातात अन् कोणत्या भागातली घरी राहतात, हे नकाशात दाखवता येईल काय? फ्रान्स देशात शार्ल द्युपँ नावाच्या गणितज्ञाने हे काम १८२६ साली करून दाखविले.

किती लोकसंख्येमागे एक मुलगा प्राथमिक शाळेत आहे, याचा त्याने जिल्हावार हिशेब केला. जिथे शिकणारे पुष्कळ, तो जिल्हा फिका रंगवला. जिथे थोडे, तो गडद. छटांनी आकडे सांगणारा हा पहिलाच नकाशा मानतात. वायव्य किनाऱ्यावरच्या सँ-मालोपासून पूर्वेकडे जिनिव्हापर्यंत जणू एक रेघच उमटली. रेघेच्या वर उजेड, खाली अंधार! आकड्यांची कोष्टके कोण वाचत बसतो? हा नकाशा मात्र बघणाऱ्याच्या डोळ्यांत भरला.

पण त्यात एक उणीव होती. द्युपँने मोजले ते फक्त मुलगे. मुलींचा त्यात पत्ताच नव्हता. पुढे १८३३ च्या कायद्याने गावोगावी प्राथमिक शाळेची जबाबदारी आली, तीही मुलग्यांच्याच शाळेची. ८०० वस्तीच्या वरच्या गावांना मुलींची शाळा काढायला सांगणारा कायदा १८५० साली झाला. म्हणजे मधली १७ वर्षे गेलीच, नाही का?

मग १८७७ च्या सुमारास लुई माजिओलो या निवृत्त शिक्षणाधिकाऱ्याने एक युक्ती काढली. गावोगावच्या जुन्या लग्ननोंदींच्या वह्या उघडायच्या आणि सही कोणी केली, कोणाला करता आली नाही, ते मोजायचे. लग्नाच्या नोंदीत वराबरोबर वधू आलीच! हे काम केले कोणी? सुमारे १६ हजार शाळामास्तरांनी, तेही स्वखुशीने. १६८६ ते १६९० या काळात शेकडा २९ वरांना सही येत होती, वधूंपैकी फक्त १४ जणींना. शंभर वर्षांनी हेच आकडे ४७ आणि २७ झाले. द्युपँची रेघ याही मोजणीत दिसली. पण घराघरातली दुसरी रेघही या वेळी कागदावर आली. १८८२ साली मुलगे-मुली दोघांनाही शिक्षण सक्तीचे झाले.

गुरुजी अन् बाई, आपल्या शाळेचा असा नकाशा एका कागदावर मावेल. वाड्या काढा, प्रत्येक वाडीतले किती मुलगे आणि किती मुली शाळेत येतात, ते वेगवेगळे लिहा. एखादी वाडी गडद निघाली, तर तिथे स्वतः जाऊन या. वाटेत ओढा आडवा येतो, की धाकट्या भावंडाला सांभाळायला पोर घरी राहते, हे कागद सांगत नाही. ते तिच्या आईलाच विचारावे लागते.