टिमोलॉलच्या थेंबाचे कूळ

काचबिंदूवर दिल्या जाणाऱ्या टिमोलॉलच्या थेंबांचे मूळ नेत्रचिकित्सेत नसून हृदयरोगाच्या संशोधनात आहे, आणि हे मूळ ध्यानात घेतल्याशिवाय त्या थेंबांचा गुणही नीट कळत नाही आणि धोकाही कळत नाही. भिवंडीलगतच्या राहनाळसारख्या गावाला ही कुळकथा अधिकच जवळची आहे; कारण यंत्रमागाच्या खडखडाटात, सुताच्या तुसात ज्यांची हयात गेली, अशा माणसांची छाती आणि या थेंबांचा स्वभाव यांचे जमत नाही.

‘काचबिंदू’ या शब्दातील ‘काच’ जुना आहे. सुश्रुतसंहितेच्या उत्तरतंत्रात दृष्टी मंदावत जाण्याच्या तिमिर, काच आणि लिंगनाश अशा पायऱ्या येतात. मात्र तेथील काच म्हणजे आजचा काचबिंदू नव्हे, आणि ठणक्यासह अचानक येणाऱ्या काचबिंदूशी जुळणारी लक्षणे त्याच ग्रंथात अधिमंथ या विकाराखाली सापडतात. आजच्या अर्थाने काचबिंदू म्हणजे डोळ्याकडून मेंदूकडे जाणाऱ्या दृष्टीच्या मज्जातंतूची हळूहळू होणारी झीज. डोळ्याच्या पुढच्या भागात नेत्रजल नावाचा पाण्यासारखा द्रव सतत पाझरतो आणि एका सूक्ष्म जाळीतून बाहेर निघून जातो. बुबुळामागील सिलिअरी बॉडी हा स्नायुमय वलयासारखा भाग तो दर मिनिटाला साधारण दोन ते अडीच मायक्रोलिटर इतका तयार करतो. निचरा अडला की आतला दाब वाढतो. हा दाब पाऱ्याच्या मिलिमीटरमध्ये मोजतात आणि सर्वसाधारणपणे तो १० ते २१ च्या दरम्यान असतो. मोतीबिंदू काढल्यावर नजर परत येते, काचबिंदूत गेलेली नजर परत येत नाही. शिवाय ती कडेकडेने जाते, त्यामुळे समोरचे स्पष्ट दिसते तोवर माणसाला संशयही येत नाही. भारतात चाळिशी ओलांडलेल्या सुमारे १ कोटी १२ लाख लोकांना काचबिंदू असावा, असा अंदाज २०१० मध्ये मांडला गेला, आणि लोकवस्तीत जाऊन केलेल्या पाहण्यांत आढळलेल्या दर दहांपैकी जवळपास नऊ रुग्णांना आपल्याला हा आजार आहे हे तोवर ठाऊकच नव्हते.

उपचाराचा आधुनिक इतिहास शस्त्रक्रियेपासून सुरू होतो. बर्लिनच्या अल्ब्रेख्त फॉन ग्रेफे यांनी १८५७ मध्ये बुबुळाचा छोटा तुकडा काढून दाब उतरवण्याची पद्धत सांगितली, तर मद्रासच्या सरकारी नेत्र रुग्णालयात रॉबर्ट हेन्री एलियट यांनी १९०९ पासून डोळ्याच्या भिंतीला बारीक छिद्र पाडून नेत्रजलाला वाट करून देणारी शस्त्रक्रिया रूढ केली. औषधांची वाट १८७६ च्या सुमारास खुली झाली. लुडविग लाक्वर यांनी कॅलाबार या विषारी शेंगेतील फायसोस्टिग्मिन वापरून पाहिले, आणि पाठोपाठ ब्राझीलमधील जाबोरांडी या झुडपातले पायलोकार्पिन आले. पायलोकार्पिनने पुढे शंभर वर्षे राज्य केले, पण ते बाहुली आकसून टाकत असे आणि दिवसातून चार वेळा घालावे लागे. आकसलेल्या बाहुलीतून उजेड कमी जातो. मंद दिव्याखाली ताण्यातला तुटलेला धागा शोधून गाठ मारणाऱ्या विणकराला असे औषध म्हणजे हातचे काम गमावण्यासारखेच.

येथून कथेची दुसरी शाखा सुरू होते, आणि तिचा डोळ्याशी सुरुवातीला काहीही संबंध नव्हता. अमेरिकेतील जॉर्जिया राज्यात रेमंड आल्क्विस्ट यांनी १९४८ मध्ये असे मांडले, की ॲड्रेनलिनसारखी द्रव्ये शरीरात दोन वेगळ्या जातींच्या ग्राहकांवर, म्हणजे पेशींवरील कुलपांसारख्या जागांवर, काम करतात. त्यांना त्यांनी आल्फा आणि बीटा अशी नावे दिली. ब्रिटनमध्ये जेम्स ब्लॅक यांनी या कल्पनेला औषधाचे रूप दिले. हृदयाला अधिक रक्त पुरवण्याऐवजी हृदयाची मागणीच कमी करावी, हा त्यांचा विचार साधा होता आणि त्याच साधेपणात त्याचे मोठेपण आहे. बीटा कुलपात न फिरणारी किल्ली अडकवून ठेवणारी ही औषधे बीटा-ब्लॉकर म्हणून ओळखली जाऊ लागली. त्यांतील प्रोप्रानोलॉल १९६० च्या दशकाच्या मध्यात वापरात आले आणि ब्लॅक यांना १९८८ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले.

प्रोप्रानोलॉल शिरेतून दिल्यास डोळ्यातील दाबही उतरतो, असे कॅल्बर्ट फिलिप्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६७ मध्ये नोंदवले. मग ते थेट डोळ्यातच का घालू नये, हा प्रश्न साहजिक होता, पण प्रोप्रानोलॉल डोळ्याचा पारदर्शक पडदा बधिर करते, आणि बधिर डोळ्यात कण गेला, ओरखडा उठला तरी माणसाला समजत नाही. रोज वर्षानुवर्षे घालायच्या औषधाला हा दोष परवडणारा नव्हता. त्यातच प्रॅक्टोलॉल या दुसऱ्या बीटा-ब्लॉकरच्या गोळ्यांनी काही रुग्णांचे डोळे कोरडे पडून पडद्यावर व्रण झाल्याचे १९७० च्या दशकाच्या मध्यात उघड झाले, आणि हे सारे कुटुंबच नेत्रतज्ज्ञांच्या संशयाला पात्र ठरले. अशा वातावरणात मर्क कंपनीचे टिमोलॉल पुढे आले. त्यात बधिरपणाचा दोष जवळजवळ नव्हता. १९७६ मध्ये निरोगी स्वयंसेवकांवर आणि १९७७ मध्ये थॉम झिमरमन व हर्बर्ट कॉफमन यांनी काचबिंदूच्या रुग्णांवर त्याची परीक्षा घेतली, आणि १९७८ मध्ये अमेरिकेत त्याला परवानगी मिळाली. बाहुली जशीच्या तशी, दिवसातून फार तर दोन वेळा थेंब, आणि दाबात साधारण पाव हिश्शाची घट: पायलोकार्पिनचे राज्य संपायला एवढे पुरेसे होते.

यात एक कोडेही आहे. त्या आधी ॲड्रेनलिनचे थेंबही दाब उतरवण्यासाठी वापरले जात. मग ॲड्रेनलिनला अडवणारे औषधही दाब कसे उतरवते? ॲड्रेनलिनचा भर निचरा वाढवण्यावर असतो, तर टिमोलॉल सिलिअरी बॉडीतील बीटा ग्राहक अडवून नेत्रजलाची निर्मितीच घटवते. एक मोरी मोठी करते, दुसरे नळ बारीक करते. झोपेत हा नळ मुळातच बारीक झालेला असतो, म्हणून रात्री टिमोलॉलचा उपयोग फारसा होत नाही.

भारतात हे थेंब सामान्य माणसाच्या आवाक्यात आले, त्यामागे १९७० चा पेटंट कायदा आहे. त्या कायद्याने औषधाच्या पदार्थावर नव्हे, तर ते बनवण्याच्या कृतीवरच हक्क मान्य केला, आणि देशी कंपन्यांना स्वतःच्या कृतीने तेच औषध बनवता आले. मुंबईच्या एफडीसी कंपनीच्या वाळूज येथील कारखान्यात बनलेले टिमोलॉल पुढे अमेरिकेच्या बाजारातही गेले, म्हणजे जेथे त्याला पहिली मोठी मान्यता मिळाली तेथेच ते मराठवाड्यातून परतले. राहनाळ, पूर्णा, काल्हेर या गोदामपट्ट्यातील गाळ्यांमधून कापड आणि घरगुती मालाच्या जोडीने औषधांचे खोकेही राज्यभर जातात. पाच मिलिलिटरच्या त्या बाटल्या उन्हापासून आणि उकाड्यापासून जपाव्या लागतात, आणि एकदा उघडलेली बाटली महिन्याभरात टाकून द्यावी लागते.

तरीही या थेंबाने आपले कूळ सोडलेले नाही. डोळ्यात घातलेल्या थेंबाचा मोठा भाग नाकाकडील कोपऱ्यातल्या अश्रुनलिकेतून नाकात उतरतो आणि तेथील ओल्या आवरणातून थेट रक्तात मिसळतो; गोळीप्रमाणे तो आधी यकृतातून जात नाही, त्यामुळे मात्रा अल्प असूनही परिणाम अल्प राहत नाही. हृदयाची गती मंदावते, आणि श्वासनलिका मोकळ्या ठेवणारे बीटा ग्राहक अडवले गेल्याने दमेकऱ्याचा श्वास कोंडतो. अमेरिकेत १९७८ ते १९८५ या काळात या थेंबांशी जोडलेल्या श्वसन व हृदयाच्या गंभीर घटना सुमारे ४५० नोंदल्या गेल्या आणि त्यांत ३२ मृत्यू होते. पुढे मुख्यतः हृदयाच्या बीटा ग्राहकांवर काम करणारे, म्हणून फुप्फुसांना तुलनेने सौम्य असे बेटॅक्सोलॉल आले, आणि १९९६ मध्ये लॅटानोप्रोस्ट आल्यावर अनेक ठिकाणी पहिल्या पसंतीचा मान टिमोलॉलकडून गेला. तरी स्वस्त आणि परिणामकारक म्हणून ते आजही टिकून आहे.

भिवंडी परिसरात सुताच्या धुळीने जुना खोकला आणि धाप जडलेली माणसे घरोघरी सापडतात, आणि डोळ्याच्या तपासणीत छातीची गोष्ट सांगावी असे त्यांना वाटत नाही. ती सांगितलीच पाहिजे: दमा, धाप किंवा मंद नाडी असल्यास ते केसपेपरवर लिहून घ्यावे, छातीच्या डॉक्टरांकडे जाताना डोळ्याच्या थेंबाची बाटली बरोबर न्यावी, आणि थेंब घातल्यावर डोळे मिटून नाकाजवळचा कोपरा बोटाने दोन-तीन मिनिटे दाबून धरावा, म्हणजे औषध नाकात कमी उतरते. थेंब घेऊन श्वास जड झाला, तर नुसती वाट पाहत न बसता त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे.