बोलविता धनी आणि सहीचा धनी

१८ जुलै १९६९ रोजी, अपोलो ११ चंद्राच्या वाटेवर असताना, व्हाइट हाउसमधील एका भाषणलेखकाने राष्ट्राध्यक्षांचे मुख्य साहाय्यक एच. आर. हाल्डमन यांच्याकडे एक टिपण पाठविले. चंद्रावर दुर्घटना घडल्यास काय करावे, हा त्याचा विषय होता. चांद्रयान पुन्हा उडालेच नाही, तर नील आर्मस्ट्राँग आणि एडविन ऑल्ड्रिन हे दोघे जिवंतपणीच तेथे अडकून पडणार होते आणि वर प्रदक्षिणा घालणाऱ्या मायकेल कॉलिन्स यांना त्यांना मागे ठेवून परतावे लागणार होते. टिपणात राष्ट्राध्यक्ष रिचर्ड निक्सन यांनी वाचावयाचे एक छोटे निवेदन होते. निवेदनाआधी दोघांच्या पत्नींना दूरध्वनी करावा आणि अंतराळवीरांशी संपर्क थांबविल्यावर धर्मगुरूने समुद्रातील दफनविधीप्रमाणे प्रार्थना म्हणावी, अशाही सूचना होत्या. निवेदनाच्या शेवटच्या वाक्यात इंग्रजी कवितेच्या अभ्यासकाला रुपर्ट ब्रुकच्या 'द सोल्जर' या सुनीताचा प्रतिध्वनी सहज ऐकू येतो. अंतराळवीर सुखरूप परतले आणि ते टिपण दप्तरात पडून राहिले. १९९९ मध्ये ते लोकांसमोर आले, तेव्हा त्याचा लेखक अमेरिकेतील अत्यंत प्रसिद्ध स्तंभलेखकांपैकी एक झालेला होता. त्याचे नाव विल्यम सफायर.

येथे एक गोष्ट विचारात घेण्यासारखी आहे. निक्सन यांनी ते निवेदन दूरचित्रवाणीवर वाचले असते, तर ते निक्सन यांचे भाषण म्हणून इतिहासात गेले असते. ते वाचण्याची वेळ आली नाही, म्हणून आज आपण ते सफायर यांचे लेखन म्हणून ओळखतो. भाषणलेखनाच्या व्यवसायातले कोडे या घटनेत स्पष्ट दिसते. सफायर यांनी १९७३ मध्ये हा व्यवसाय सोडून 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये स्वतःच्या नावाने राजकीय स्तंभ लिहायला सुरुवात केली आणि जानेवारी २००५ पर्यंत, म्हणजे जवळजवळ बत्तीस वर्षे, तो चालविला. दुसऱ्याच्या मुखासाठी लिहिणारा माणूस स्वतःच्या सहीने लिहू लागतो, तेव्हा त्याच्या भाषेत काय बदलते आणि काय बदलत नाही, हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

मराठीत 'बोलविता धनी' हा शब्दप्रयोग संतवाङ्मयातून व्यवहारात उतरला. संतांसाठी तो धनी म्हणजे परमेश्वर. आपल्या राजकारणात तो पडद्यामागचा सूत्रधार झाला. अमेरिकन राजकारणात मात्र हे नाते उलटे आहे. तेथे बोलणारा हाच धनी असतो आणि बोलविणारा पगारी लेखनिक. ही परंपरा जुनी आहे. जॉर्ज वॉशिंग्टन यांच्या १७९६ मधील निरोपाच्या संदेशात जेम्स मॅडिसन आणि अलेक्झांडर हॅमिल्टन या दोघांचाही हात होता. राष्ट्राध्यक्ष वॉरन हार्डिंग यांच्या काळात, १९२१ मध्ये, जडसन वेलिव्हर या पत्रकाराला या कामासाठी व्हाइट हाउसमध्ये घेण्यात आले. त्याला पहिला अधिकृत भाषणलेखक मानतात. फ्रँकलिन रूझवेल्ट यांच्यासाठी रॉबर्ट शेरवुड यांच्यासारख्या नामवंत नाटककाराने भाषणे लिहिली. जॉन केनेडी यांचे भाषणलेखक टेड सोरेन्सन यांनी १९६१ च्या शपथविधीच्या भाषणाचे श्रेय स्वतःकडे घेण्याचे कायम टाळले. सही न करणे हा या व्यवसायाचा धर्मच होता. सफायर यांनी पुढे माजी भाषणलेखकांचे एक मंडळ काढले आणि त्याला वेलिव्हर यांचे नाव दिले. जन्मभर पडद्यामागे राहिलेल्यांना निदान एकमेकांसमोर तरी आपल्या वाक्यांवर हक्क सांगता यावा, असा त्यामागचा भाव असावा.

सफायर साहित्यातून राजकारणात आले नव्हते. ते प्रसिद्धीच्या व्यवसायातून आले होते. १९२९ मध्ये न्यूयॉर्क येथे एका ज्यू कुटुंबात त्यांचा जन्म झाला. मूळ आडनाव 'सफिर'. लोकांनी उच्चार नीट करावा म्हणून त्यांनी त्याच्या स्पेलिंगमध्ये एक अक्षर वाढविले. सिरॅक्यूस विद्यापीठातले शिक्षण त्यांनी अर्ध्यावर सोडले. १९५९ मध्ये मॉस्को येथील अमेरिकन प्रदर्शनात एका नमुना घराच्या प्रसिद्धीचे काम त्यांच्याकडे होते. तत्कालीन उपराष्ट्राध्यक्ष निक्सन आणि सोव्हिएत नेते निकिता ख्रुश्चेव यांची प्रसिद्ध जुगलबंदी त्या घराच्या स्वयंपाकघरात झाली, आणि दोघांना तेथे वळविण्यात सफायर यांचा वाटा होता. धुलाईयंत्र आणि चूल यांच्या साक्षीने दोन राज्यव्यवस्थांची मूल्ये मांडली जावीत, ही कल्पना जाहिरातीच्या जगातलीच होती. अमेरिकन जीवनमूल्ये ही मांडून दाखविण्याची, विकता येण्याजोगी वस्तू आहे, ही जाणीव घेऊनच ते पुढे निक्सन यांच्या भाषणलेखकांत दाखल झाले.

त्यांच्या या काळातील सर्वांत प्रसिद्ध रचना निक्सन यांच्या तोंडची नाही. ११ सप्टेंबर १९७० रोजी सॅन डिएगो येथे उपराष्ट्राध्यक्ष स्पायरो ॲग्न्यू यांनी विरोधकांना 'नॅटरिंग नेबॉब्ज ऑफ निगेटिव्हिझम' असे संबोधिले. मराठीत 'नन्नाचा पाढा वाचणारे नबाब' असे म्हटले, तर अर्थ आणि अनुप्रास दोन्ही काही प्रमाणात उतरतात. यातला मधला शब्द आपल्याकडचा आहे. प्लासीच्या लढाईनंतर बंगालमध्ये अमाप पैसा करून मायदेशी परतणाऱ्या ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरांना इंग्लंडमधील समाज उपहासाने 'नेबॉब' म्हणू लागला; सॅम्युएल फूट याचे याच नावाचे प्रहसन १७७२ मध्ये रंगभूमीवर आले. त्या उपहासामागे विशिष्ट लूट होती, विशिष्ट माणसे होती. दोनशे वर्षांनंतर सॅन डिएगोमध्ये हा शब्द पोहोचला, तेव्हा त्यातला इतिहास गळून गेला होता आणि केवळ 'न'चा नाद उरला होता. हे शब्द पत्रकारांना उद्देशून होते, अशी समजूत रूढ झाली. ते सर्वच निराशावाद्यांबद्दल होते, असे सफायर यांनी पुढे अनेकदा सांगितले; पण नादावर उभे केलेले वाक्य कोणावरही फेकता येते. त्याचा नेम लेखकाच्या हाती राहत नाही. ॲग्न्यू यांनी १० ऑक्टोबर १९७३ रोजी करचुकवेगिरीच्या प्रकरणात पदाचा राजीनामा दिला. आज त्यांच्या नावाबरोबर हे उसने वाक्यच प्रामुख्याने आठवले जाते.

त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये सफायर यांचा स्तंभ सुरू झाला. वॉटरगेट प्रकरण पेटत असताना निक्सन यांच्या पदरी राहिलेला माणूस अमेरिकेतील प्रमुख उदारमतवादी वृत्तपत्रात आला, हे तेथील अनेक सहकाऱ्यांना रुचले नाही. आणि याच सुमारास एक गोष्ट उघड झाली. १९६९ ते १९७१ या काळात निक्सन प्रशासनाने सतरा अधिकारी आणि पत्रकारांचे दूरध्वनी चोरून ऐकले होते, आणि त्यांत खुद्द सफायर यांचाही दूरध्वनी होता. ज्या माणसासाठी त्यांनी स्वातंत्र्याची वाक्ये लिहिली, त्याच्याच सरकारने त्यांच्या घरातले बोलणे ऐकले होते.

सफायर यांच्या स्तंभलेखनाचे मूळ, माझ्या मते, या अनुभवात आहे. खासगी आयुष्याचा हक्क आणि सरकारी टेहळणीचा विरोध हे विषय पुढे त्यांच्या स्तंभात सतत येत राहिले, मग सत्तेवर कोणताही पक्ष असो. भाषणात 'स्वातंत्र्य' हा शब्द टाळीसाठी पेरता येतो. स्वतःचा दूरध्वनी ऐकला गेल्यावर त्या शब्दाला वजन येते. १९७५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या आठवणींच्या पुस्तकात त्यांनी निक्सन यांना ना पूर्ण झाकले, ना पूर्ण झोडपले. १९७८ मध्ये, जिमी कार्टर यांचे अर्थसंकल्प प्रमुख बर्ट लान्स यांच्या आर्थिक व्यवहारांवरील स्तंभांसाठी, त्यांना पुलित्झर पारितोषिक मिळाले. रिपब्लिकन पक्षाचे असूनही १९९२ मध्ये त्यांनी बिल क्लिंटन यांना मत दिले, आणि चारच वर्षांनी हिलरी क्लिंटन यांच्या खरेपणावर जहरी टीका करून त्यांनी क्लिंटन दांपत्याचा रोषही ओढवून घेतला.

साहित्याच्या अभ्यासकाला मात्र त्यांचा दुसरा स्तंभ अधिक जवळचा वाटेल. फेब्रुवारी १९७९ पासून ते 'ऑन लँग्वेज' हा भाषाविषयक साप्ताहिक स्तंभ लिहू लागले आणि २००९ मध्ये निधन होईपर्यंत लिहीत राहिले. शब्दांची व्युत्पत्ती, राजकारणातील नवे शब्दप्रयोग, व्याकरणाचे वाद असे त्याचे विषय असत. चूक सापडली की वाचक पत्रांचा वर्षाव करीत. अशा वाचकांच्या टोळीला त्यांनी एक गमतीदार नाव दिले होते आणि स्वतःच्या चुका ते त्या पत्रांसह छापत. व्हाइट हाउसमध्ये ज्याच्या वाक्यांना टाळ्या किंवा शिव्या मिळत, पण दुरुस्ती कधी मिळत नसे, तो लेखक येथे सामान्य वाचकाकडून दुरुस्त होत होता. अधिकाराने बोलावे, पण कोणीही चूक दाखविल्यास ती मान्य करावी, हे लोकशाहीचे मूल्य या छोट्या स्तंभात रुजलेले दिसते. त्यावर भाषण न करता त्यांनी ते आचरले.

येथे हा लेख संपविता आला असता, तर तो एका सुखान्त परिवर्तनाचा लेख झाला असता. पण नोव्हेंबर २००१ आडवा येतो. ११ सप्टेंबरच्या हल्ल्यानंतर परकीय संशयितांवर लष्करी न्यायाधिकरणांपुढे खटले चालविण्याचा आदेश जॉर्ज बुश यांनी काढला, तेव्हा सफायर यांनी आपल्याच पक्षाच्या राष्ट्राध्यक्षावर हुकूमशाही अधिकार बळकावल्याचा आरोप केला. देश सूडाच्या मनःस्थितीत असताना असे लिहिणे सोपे नव्हते. पण त्याच आठवड्यात त्यांनी आणखी एक स्तंभ लिहिला होता. हल्लेखोर मोहम्मद अत्ता याची प्राग येथे इराकी गुप्तहेराशी भेट झाली, हे त्यांनी त्यात निर्विवाद सत्य म्हणून मांडले आणि सद्दाम हुसेन यांचा हल्ल्याशी संबंध जोडला. २००२ मध्येही त्यांनी त्या भेटीची बाजू सोडली नाही. मार्च २००३ मध्ये इराक युद्ध सुरू झाले. अशी भेट झाल्याचे उपलब्ध पुराव्यांतून दिसत नाही, असा निष्कर्ष अमेरिकेच्या चौकशी आयोगाने २००४ मध्ये काढला.

एकाच हाताने, एकाच सहीने, एकाच आठवड्यात लिहिलेले हे दोन स्तंभ शेजारी ठेवून वाचावेत. पहिल्यामागे १९६९ मध्ये ऐकला गेलेला दूरध्वनी आहे, अनुभवाने तपासलेले मूल्य आहे. दुसऱ्यात जुना भाषणलेखक परत आलेला दिसतो. 'निर्विवाद' हे विशेषण तेथे पुराव्याची जागा घेते, जशी सॅन डिएगोमध्ये 'न'च्या नादाने युक्तिवादाची जागा घेतली होती. एखाद्या शब्दाची व्युत्पत्ती चुकली, तर पुढच्या आठवड्यात कबुली देणाऱ्या लेखकाकडून या विधानाच्या बाबतीत ती तत्परता दिसली नाही. तेव्हा सही केली म्हणजे उत्तरदायित्व आपोआप येते, असे नाही. सहीमुळे एवढेच होते की दोष कोणाकडे मागायचा, हे वाचकाला कळते. ॲग्न्यू यांच्या वाक्याबाबत तेही शक्य नव्हते.

या वाटेने गेलेले सफायर एकटे नव्हते. पेगी नूनन यांनी २८ जानेवारी १९८६ रोजी चॅलेंजर यानाच्या स्फोटानंतरचे रोनाल्ड रेगन यांचे भाषण लिहिले. चंद्रावरच्या ज्या शोकभाषणाची गरज सफायर यांना पडली नाही, तसेच भाषण नूनन यांना काही तासांत लिहावे लागले. २००० पासून त्या 'वॉल स्ट्रीट जर्नल'मध्ये नियमित स्तंभ लिहू लागल्या आणि २०१७ मध्ये त्यांनाही पुलित्झर मिळाले. २० जानेवारी २००५ रोजी बुश यांनी दुसऱ्या शपथविधीचे भाषण केले. जगातील जुलमी राजवटींचा अंत हे अमेरिकेचे ध्येय म्हणून त्यात मांडले होते. दुसऱ्याच दिवशी सफायर यांनी ते अशा प्रसंगीच्या श्रेष्ठ भाषणांत गणले, तर नूनन यांना ते वास्तवाचे भान सुटलेले वाटले. ते भाषण घडविणारे मायकेल गर्सन पुढे २००७ मध्ये स्वतःच 'वॉशिंग्टन पोस्ट'चे स्तंभलेखक झाले. राष्ट्राच्या मूल्यांची भाषा घडविणारे कारागीरच नंतर त्या भाषेचे परीक्षक होतात, आणि त्यांचे एकमेकांत एकमत होत नाही. कदाचित त्या समाजाच्या जिवंतपणाची हीच खूण असावी.

आपण वर्गात अनुप्रास शिकवितो, सभेतील वक्तृत्वाचे नमुने वाचून दाखवितो, आणि विद्यार्थ्यांना नाद व अर्थ यांचे नाते ओळखायला सांगतो. त्यासोबत आणखी एक प्रश्न विचारायला हवा: हे वाक्य खोटे निघाले, तर कोण उत्तर देणार आहे? शैलीच्या अभ्यासात हा प्रश्न परका वाटतो, म्हणून आपण तो इतिहासाच्या किंवा राज्यशास्त्राच्या प्राध्यापकांकडे ढकलतो. सफायर यांच्या लेखनापुढे तो ढकलता येत नाही. चंद्रावरच्या त्या न वाचलेल्या निवेदनात शैली आहे, करुणा आहे आणि कोणाचीही फसवणूक नाही. नोव्हेंबर २००१ च्या स्तंभातही शैली आहे. दोन्ही एकाच लेखकाची आहेत, आणि दोन्ही आपल्या विद्यार्थ्यांसमोर एकत्रच ठेवावी लागतील.