एकच तांडा, तीन याद्या

कंधारचें नांव निघालें म्हणजे इतिहासाच्या वाचकास प्रथम राष्ट्रकूट आठवतात आणि त्यांच्या मागोमाग मन्याडकांठचा तो खंदकानें वेढलेला भुईकोट किल्ला. या दोहोंविषयीं पुष्कळ लिहून झालें आहे. आम्हांस आज त्याच तालुक्यांतील ज्या वस्तीविषयीं लिहावयाचें आहे, तिला तट नाहीं, बुरूज नाहींत, आणि शिलालेख तर नाहींच नाहीं. बालाघाटाच्या माळांवर विखुरलेले बंजाऱ्यांचे तांडे हा आमचा विषय होय. जातिनिहाय राखीव जागांचा वाद आपल्याकडे बहुधा त्या असाव्यात कीं नसाव्यात या एकाच खुंट्याभोंवतीं फिरत राहतो. त्या कोणास, कोणत्या कागदाच्या आधारें आणि कोठल्या वेशीपर्यंत मिळतात, हा प्रश्न आम्हांस अधिक मोलाचा वाटतो. आणि त्याचें उत्तर शोधणाऱ्यास या तांड्यांइतकें बोलकें उदाहरण दुसरें मिळणें कठीण आहे.

लमाण, लंबाडा, लंबाणी, सुगाळी अशीं नांवें प्रांतोप्रांतीं बदलत गेलीं, तरी हे लोक एकच. घरांत बोली एक, सेवालाल महाराजांवरील श्रद्धा एक, नाईक-कारभाऱ्यांची तांड्याची व्यवस्था एक. बैलांच्या पाठीवर गोण्या लादून धान्य व मीठ देशभर पोंचविणें हा यांचा पिढीजात धंदा. त्यास ते लदेणी म्हणत. मोंगलांच्या दक्षिणेंतील मोहिमांस यांच्याच बैलांनीं दाणा पुरविला, आणि १८०३ सालीं असईच्या लढाईपूर्वीं वेलस्लीच्या फौजेची भिस्तही पुष्कळ अंशीं यांच्यावरच होती. पुढें सडका झाल्या, आगगाडी आली, आणि एका पिढीच्या अवधींत लाखो बैलांची ही वाहतूक निरुपयोगी ठरली. धंदा गेलेला, जमीन कधींच नसलेली, आणि फिरण्याची संवय अंगवळणीं पडलेली. अशा लोकांकडे सरकार कोणत्या नजरेनें पाहतें हें इंग्रजी अमलाच्या १८७१ च्या गुन्हेगार जमातींच्या कायद्यानें दाखवून दिलें. तो कायदा १९५२ सालीं रद्द झाला. त्यांतून सुटलेले ते विमुक्त. एखाद्या समाजास त्याच्या गुणांवरून, धंद्यावरून किंवा गांवावरून नांव न मिळतां त्याच्या सुटकेवरून नांव मिळावें, हा प्रकार आम्हांस अजूनही चमत्कारिक वाटतो.

राखीव जागांच्या इतिहासाचा आरंभ आपल्याकडे कोल्हापुरापासून करण्याची रीत आहे आणि ती योग्यच आहे. २६ जुलै १९०२ च्या आज्ञेनें शाहू छत्रपतींनीं रिकाम्या होणाऱ्या जागांपैकीं निम्म्या मागासलेल्या वर्गांसाठीं राखून ठेवल्या. परंतु त्या आज्ञेंतील एका बारकाव्याकडे अभ्यासकांचें जावें तितकें लक्ष जात नाहीं. मागासलेले कोण, याची यादी तींत नव्हती. पुढारलेले कोण, एवढेंच सांगितलें होतें. ब्राह्मण, प्रभू, शेणवी, पारशी व तत्सम पुढारलेले वर्ग वगळून बाकीचे सर्व मागासलेले, अशी ती व्याख्या. वगळावयाचे मोजके असल्यामुळें कोणी चुकून बाहेर राहण्याची भीती नव्हती. १९५० नंतरची पद्धत याच्या उलट झाली. राज्यघटनेच्या ३४१ व ३४२ या कलमांप्रमाणें निघालेल्या आदेशांत समाविष्टांचीं नांवें आलीं, आणि तींही राज्यागणिक. ज्याचें नांव यादींत, तो आंत. ज्याचें नाहीं, तो कितीही दरिद्री असो, बाहेर. ही पद्धत एकंदरींत आवश्यक होती, कारण अस्पृश्यतेसारखें दुःख नेमकें नांव घेतल्यावांचून दूर होत नाहीं. तथापि यादी म्हटली म्हणजे तिला कांठ आला, आणि कांठावर कोणी तरी उभें असतेंच.

१९५० सालीं कंधार हैदराबाद राज्यांत होतें. त्या राज्याच्या अनुसूचित जमातींच्या यादींत आंध, भिल्ल, गोंड, कोलाम, कोया, चेंचू, परधान वगैरे नांवें होतीं, बंजाऱ्यांचें नव्हतें. म्हणजे निजामाच्या मुलखांतील सारा बंजारा समाज त्या घटकेस बाहेर तरी एकत्र होता. १ नोव्हेंबर १९५६ रोजीं भाषावार प्रांतरचनेनें त्या राज्याचे तीन तुकडे झाले. आमच्या नांदेड जिल्ह्याची त्या दिवशींची घडामोड तर मोठी मौजेची आहे. मुधोळ तालुक्यांतील मुधोळ, भैंसा व कुबेर हीं मंडळें आणि देगलूर तालुक्यांतील बिचकोंडा व जुक्कल हीं मंडळें आंध्राकडे गेलीं. उलट आदिलाबाद जिल्ह्यांतील किनवट आमच्याकडे आलें. तिकडे बीदर जिल्ह्यांतील उदगीर, अहमदपूर व निलंगा हे तालुके मुंबई राज्यांत आले, आणि औराद, भालकी म्हैसुराकडे राहिलीं. रेषा मराठी, तेलुगू व कानडी पाहून आंखली गेली. बंजाऱ्यांची बोली या तिहींपैकीं एकही नव्हती. त्यामुळें त्यांचे तांडे कोठें पडावे हें शेजारच्या गांवाच्या भाषेनें ठरविलें.

वीस वर्षें या रेषेचें त्यांस फारसें कांहीं वाटलें नाहीं. पुढें १९७६ चा सुधारणा कायदा झाला व २७ जुलै १९७७ पासून अमलांत आला. एकाच राज्याच्या एका भागांत यादींत आणि दुसऱ्या भागांत बाहेर, अशी जी विसंगती होती, ती काढून टाकणें हा त्याचा हेतु. आंध्राच्या किनारी जिल्ह्यांत लंबाडे पूर्वींपासून अनुसूचित जमातींत होते. आतां तेलंगणांतलेही झाले. जुन्या म्हैसुरांत लंबाणी अनुसूचित जातींत होते. आतां बीदरचेही झाले. महाराष्ट्राच्या कोणत्याच भागांत ते या दोन्ही याद्यांत नसल्यामुळें येथें दूर करण्यासारखी विसंगतीच नव्हती! ते राज्य सरकारच्या विमुक्त जातींच्या यादींत होते तेथेंच राहिले. अशा रीतीनें मुधोळचा मामा जमात झाला, औरादचा मावसा जात झाला, आणि कंधारचा भाचा विमुक्त राहिला.

तसें पाहिलें तर १९६३ पासून १९७५ पर्यंत महाराष्ट्राचें मुख्यमंत्रिपद भूषविणारे वसंतराव नाईक हे पुसदजवळच्या गहुलीच्या तांड्यांतले. परंतु समाजांतील एक पुरुष शिखरावर बसणें आणि समाजाचें नांव यादींत असणें या दोन भिन्न गोष्टी होत. पहिलीनें अभिमान वाढतो, दुसरीनें फी माफ होते.

या फरकाचा व्यवहारांत अर्थ काय? महाराष्ट्रांत विमुक्त जातींस तीन टक्के जागा आहेत, पण त्या केवळ राज्याच्या कारभारांत. विधानसभेंत किंवा लोकसभेंत त्यांस राखीव मतदारसंघ नाहीं. केंद्राच्या परीक्षेस बसतांच कंधारचा विद्यार्थी इतर मागासवर्गीय होतो, आणि दोन्हीकडे त्यास क्रीमी लेअरची चाळण लागते. मुधोळच्या त्याच्या मामेभावास तेलंगणांत २०२२ पासून दहा टक्के आणि केंद्रांत साडेसात टक्के जागा आहेत, चाळण नाहीं, आणि राखीव मतदारसंघही आहेत. प्रवेशाच्या दिवसांत अर्ज तपासतांना आम्हांस अशीं कुटुंबें वारंवार भेटतात. सीमेपलीकडून सून आली तर तिचा जमातीचा दाखला इकडे चालत नाहीं, कारण एका राज्यांतील अनुसूचित दर्जा दुसऱ्या राज्यांत सोबत नेतां येत नाहीं असें सर्वोच्च न्यायालयानें १९९० सालीं मरी चंद्रशेखर राव यांच्या खटल्यांत ठरवून दिलें आहे. कायद्याच्या दृष्टीनें हा निर्णय सुसंगतच आहे: दर्जा मिळतो तो त्या त्या प्रदेशांतील हीन स्थितीमुळें. पण कंधार व मुधोळ येथील तांड्यांच्या स्थितींत असा कोणता भेद होता, हें कोणी तपासल्याचें आमच्या पाहण्यांत नाहीं.

येवढ्यावरून कंधारच्या बंजाऱ्यास जमातींच्या यादींत घाला म्हणजे न्याय झाला, असें म्हणण्यास आम्ही धजत नाहीं. आणि तसें न म्हणण्याचें कारणही सीमेपलीकडेच आहे. आदिलाबादच्या रानांतील गोंडांची जमीन बाहेरच्यांच्या हातीं जात होती. १९४० सालीं कोमरम भीम मारला गेल्यानंतर निजाम सरकारनें मानवशास्त्रज्ञ हायमेनडॉर्फ यांस तेथें नेमलें. गोंडांस जमिनी मिळाल्या, आणि पुढें आंध्र सरकारनें अनुसूचित क्षेत्रांतील आदिवासींची जमीन बिगर-आदिवासींकडे जाण्यास बंदी केली. लंबाडे १९७७ सालीं जमात झाले आणि ही भिंत त्यांच्यापुरती नाहींशी झाली. महाराष्ट्रांतून कित्येक बंजारा कुटुंबें तिकडे सरकलीं. हायमेनडॉर्फ यांनींच १९८२ च्या आपल्या ग्रंथांत या लोंढ्याचें आणि गोंडांच्या होणाऱ्या हानीचें वर्णन केलें आहे. शिक्षणांतही जो आधींच दोन पावलें पुढें होता, त्याच्या वांट्यास अधिक आलें. डिसेंबर २०१७ मध्यें उटनूरच्या बाजूस दोन्ही समाज एकमेकांवर उठले. एका दुबळ्याचें ताट दुसऱ्या दुबळ्याच्या पानांतून वाढलें म्हणजे काय होतें, तें तेथें दिसलें.

हें सारें आज पुन्हां सांगण्याचें प्रयोजन उघड आहे. २ सप्टेंबर २०२५ रोजीं महाराष्ट्र सरकारनें मराठ्यांच्या कुणबी दाखल्यांसाठीं हैदराबाद गॅझेटिअर ग्राह्य धरलें, आणि लागलींच बंजारा पुढाऱ्यांनीं त्याच ग्रंथाच्या आधारें जमातींच्या दर्जाची मागणी केली. आदिवासी संघटनांनीं विरोध केला. इतिहासाचा अध्यापक या नात्यानें जुन्या ग्रंथांविषयीं आम्हांस आदरच आहे. परंतु ते महसूल, पाऊस आणि पिकें लिहितां लिहितां लोकांविषयीं चार ओळी लिहिणाऱ्या अधिकाऱ्यांचे ग्रंथ. कोणास किती जागा द्याव्या हें ठरविण्यासाठीं ते कोणी लिहिले नाहींत. बंजारा व वंजारी यांतला भेदही जुन्या कागदांत नेहमींच पाळलेला आढळत नाहीं, आणि आजच्या आपल्या याद्यांत तर ते दोन स्वतंत्र वर्ग आहेत! शिवाय जमातींच्या सात टक्क्यांत आज किनवट-माहूरचा कोलाम बसतो. त्या पंक्तीस कंधारचा तांडा बसविणें म्हणजे आदिलाबादची कहाणी मराठींत लिहिणें होय. बाळकृष्ण रेणके यांच्या आयोगानें २००८ सालीं विमुक्त-भटक्यांस देशभर निराळा दहा टक्क्यांचा वांटा सुचविला होता. पुढें भिकू इदाते यांचाही आयोग झाला. निराळ्या दुःखास निराळी यादी, ही सूचना आम्हांस सर्वांत रास्त वाटते. ती अमलांत आलेली नाहीं.

तोंवर आहे त्या दाखल्याचा प्रश्न उरतोच. विमुक्त जातीच्या दाखल्यास कुटुंबाचें २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वींचें वास्तव्य दाखवावें लागतें. ज्यांच्या बापजाद्यांनीं एका जागीं घर केलेंच नाहीं, त्यांना हा पुरावा. आजही दसरा उलटला कीं अर्धा तांडा मुकादमाची उचल घेऊन कोयत्यासह ऊसतोडीस निघून जातो, आणि मागें म्हातारे व शाळेंतलीं पोरें राहतात. आजोबांचें नांव कोणत्या गांवच्या पहाणींत लागलें असेल, याचा शोध नातू कंधारच्या तहसिलींत उर्दू दप्तरें उलगडवून घेत असतो. आणि तें दप्तर कधीं कधीं मुधोळास निघतें.