पोलंडचा बियरप्रेमी पक्ष

पोलिश बियरप्रेमी पक्ष १९९० च्या अखेरीस स्थापन झाला आणि तीन वर्षांच्या आत त्याचा गाशा गुंडाळला गेला. कल्पना निघाली ती टीव्हीवरच्या 'बियर स्काउट' या विडंबनातून. त्यातले विनोदी नट यानुश रेविन्स्की पक्षाचे अध्यक्ष झाले. पत्रकार आडाम हाल्बर संस्थापकांपैकी एक होते.

थट्टेतून निघालेल्या पक्षाची रीतसर नोंदणी होण्यात कायद्याची काहीच आडकाठी नव्हती. जून १९८९ च्या निवडणुकीने कम्युनिस्टांची मक्तेदारी मोडली होती आणि १९९० च्या कायद्यानुसार नवा पक्ष नोंदवायला पंधरा जणांच्या सह्या पुरत. साहजिकच पक्षांचे पेव फुटले.

कार्यक्रम मात्र अगदीच पोरकट नव्हता. देश व्होडकाच्या आहारी गेलेला. तेव्हा माणसांनी चांगल्या पबमध्ये बसून, गप्पा मारत, चांगली बियर प्यावी, म्हणजे दारूचे व्यसन कमी होईल, असे पक्षाचे म्हणणे होते. त्याला मते मिळाली ती मुख्यतः वैतागातून. जानेवारी १९९० पासून अर्थमंत्री बाल्त्सेरोविच यांच्या योजनेने बाजार खुला केला, दुकाने भरली. पण कारखान्यांतल्या नोकऱ्या गेल्या आणि १९९१ च्या अखेरीस नोंदणीकृत बेकार २० लाखांच्या वर पोचले. कम्युनिस्टांना हरवणाऱ्या सॉलिडॅरिटी या कामगार चळवळीतले जुने सहकारी तोवर एकमेकांच्या उरावर बसले होते.

२७ ऑक्टोबर १९९१ ला सेयमची, म्हणजे कनिष्ठ सभागृहाची, निवडणूक झाली. मतदान जेमतेम ४३ टक्के. ४६० पैकी ३९१ जागा मतदारसंघांतून प्रमाणशीर पद्धतीने भरायच्या होत्या आणि त्यांना किमान मतांची अट नव्हती. सर्वांत मोठ्या पक्षाला ६२ जागा मिळाल्या, तर तब्बल २९ गटांना सभागृहात शिरकाव झाला. बियरप्रेमींनी ३.२७ टक्के मतांवर १६ जागा पटकावल्या.

खरी पंचाईत इथून पुढची. निवडून आलेल्यांमध्ये बियरपेक्षा करांत आणि धंद्याच्या नियमांत रस असलेली मंडळी बरीच होती. लवकरच 'मोठी बियर' आणि 'छोटी बियर' असे दोन तट पडले. विडंबनाच्या पक्षात फूटही विडंबनाला शोभेलशीच पडली. मोठ्या गटाने 'पोलिश आर्थिक कार्यक्रम' असे गंभीर नाव घेतले आणि जुलै १९९२ मध्ये हान्ना सुहोत्स्का यांच्या सात पक्षांच्या सरकारला हात दिला. २८ मे १९९३ ला ते सरकार अविश्वास ठरावावर एका मताने पडले. राष्ट्राध्यक्ष लेक वालेसा यांनी संसद बरखास्त केली.

नव्या निवडणूक कायद्याने पक्षांना ५ टक्क्यांची, आघाड्यांना ८ टक्क्यांची अट घातली. सप्टेंबर १९९३ मध्ये बियरप्रेमींना ०.१ टक्क्याच्या आसपास मते पडली. अट नसती तरी एवढ्या मतांत काही हाती लागले नसतेच. हाल्बर पुढे डाव्या आघाडीत गेले. रेविन्स्की अभिनयाकडे परतले आणि १९९७ च्या 'किलेर' या चित्रपटातला टोळीप्रमुख म्हणून घराघरांत पोचले.